डाव्या हाताचा घास

गेल्या महिन्यात एका मुलीचा फोन आला. माहितीपट करते. कुठकुठल्या संग्रहांतून जुनी दृश्यं मिळवायची आणि ती नव्या फिल्ममध्ये बसवायची, हे तिचं काम. माझा नंबर तिला कुणी दिला कोण जाणे. म्हणाली, “काका, एक पन्नास-साठ वर्षांपूर्वीचा शॉट आहे. त्यातला माणूस डावीकडे चालतोय, मला उजवीकडे चालणारा हवाय. फ्लिप केला तर चालेल ना? कॉम्प्युटरवर एका बटणाचं काम आहे.”

“नाही चालणार,” मी म्हटलं.

“का पण? कुणाला कळणारे?”

यावर मी जे काही बोललो ते बोलायला नको होतं. त्या बिचारीने मला एक साधा प्रश्न विचारला होता. “बरं काका,” म्हणून तिने फोन ठेवला आणि माझा सगळा दिवस वाया गेला. खुर्चीत बसवेना, वाचवेना, जेवताना हिने दोनदा विचारलं की आमटीत काही कमी आहे का. आमटी चांगली होती. त्या मुलीला द्यायचं उत्तर मला फोनवर देता आलं नाही, म्हणून इथे लिहितो आहे.

एकोणीसशे पन्नासचं दशक संपत आलं होतं. मी बावीस वर्षांचा होतो आणि पुण्यात एका लहानशा फिल्म कंपनीत संकलनाचं काम शिकत होतो. कंपनी कसली, पत्र्याची एक खोली, एक बघायचं मशीन, कपाटभर डबे आणि आम्ही तिघं. मालक स्वतःच दिग्दर्शक, स्वतःच संकलक आणि वेळ पडली तर निवेदकही. माझ्यावर त्यांचा जीव होता, पण माझ्या चुळबुळीने ते वैतागायचे. मला एका जागी बसता यायचं नाही. दोन तुकडे सांधले की उठायचं, दारापर्यंत जायचं, परत यायचं. “तुझ्या बुडाखाली निखारे ठेवलेत का रे कुणी?” असं ते दिवसातून एकदा तरी विचारत. संकलन हे बैठं काम आणि मी असा. पण हात स्वच्छ होता माझा. सांधा असा लावायचो की पडद्यावर दिसता कामा नये. या गोष्टीचा मला भलताच माज होता.

त्या वर्षी पिंपरीकडच्या एका नव्या कारखान्याचं काम आलं. वीस मिनिटांची फिल्म. आधी काय होतं आणि आता काय झालं, अशी त्यांची मागणी होती. ‘आता’ सोपं होतं, आम्ही जाऊन चित्रण करून आलो: यंत्रं, नळ्या, पांढऱ्या टोप्या घातलेले कामगार, फाटकावर सलाम ठोकणारा पहारेकरी. अडचण ‘आधी’ची होती. जिथे कारखाना उभा राहिला तिथली शेतं आता कुठून आणायची?

मालक म्हणाले, “कपाटात बघ. खालच्या फळीवर.”

खालच्या फळीवर पाच-सहा वर्षांपूर्वीचे डबे होते. मालकांनी कधीतरी शेतीवर एक माहितीपट करायला घेतला होता, तो अर्धवट राहिला. त्याचं चित्रण नेमकं याच पट्ट्यात, पवनेच्या काठच्या एका गावात झालं होतं. डब्यांवर मालकांच्या अक्षरात चिठ्ठ्या: ‘मोट’, ‘खळे’, ‘बायका नदीवर’, ‘न्याहारी’. झाकणं गंजून घट्ट बसलेली. मी ती स्क्रूड्रायव्हरने उचकटली आणि चार दिवस त्या रिळांत बुडून गेलो.

त्या काळी आम्ही या कामाला आर्काइव्ह वगैरे म्हणत नसू. ‘जुना माल’ म्हणायचो. पण ज्याने हे काम केलंय त्याला ठाऊक आहे, जुन्या मालात एक वेगळीच ओढ असते. आपण चित्रण केलेल्या माणसाला आपण ओळखतो, त्याला कुठे उभं केलं ते आठवतं. जुन्या रिळातला माणूस आपल्याला काहीच सांगत नाही. तो फक्त दिसतो, आणि आपण पुन्हा पुन्हा मशीन मागे फिरवतो.

‘न्याहारी’च्या डब्यात असा एक जण होता. पंचविशीचा, अंगात बंडी, गालावर मोठा तीळ. बांधावर बसून भाकरी खातो आहे, एकटाच. मागे पिंपळ आणि देवळाचं शिखर. त्याला कॅमेऱ्याची फिकीर नव्हती. मोठ्या चवीने खात होता. कांदा गुडघ्यावर ठेवून त्याने बुक्कीने फोडला, भाकरीचा तुकडा मोडला, ठेच्यात बुडवला, तोंडात टाकला. ते खाणं बघून मला भूक लागायची. तो तुकडा मी वीसेक वेळा तरी पाहिला असेन. फिल्ममध्ये घ्यायचाच असं ठरवलं.

एकच गोम होती. तो डाव्या हाताने जेवत होता.

आता कुणी हसेल. पण आमच्या घरात डाव्या हाताने कुणी पाण्याचा पेला पुढे केला तरी आजोबांच्या कपाळाला आठी पडायची. एवढ्या मोठ्या पडद्यावर, साहेब लोकांसमोर, एक माणूस डाव्या हाताने घास तोंडात घालतोय, हे मला कसंसंच वाटलं. लोक हसतील, फिल्मचा विचका होईल. मग मला युक्ती सुचली. फिल्मची एक बाजू चकचकीत असते आणि एक मंद. मंद बाजूवर चित्र असतं. तुकडा उलटा करून लावला की आरशात दिसावं तसं सगळं दिसतं: डावं ते उजवं, उजवं ते डावं. चित्र जरासं धूसर होतं, पण ते कुणाच्या लक्षात येत नाही. मी निगेटिव्हचा तेवढा दहा सेकंदांचा तुकडा कापला, उलटवला आणि सांधला. आता तो माणूस चांगला उजव्या हाताने जेवत होता.

मालकांना दाखवलं. ते म्हणाले, “शाब्बास. डोकं आहे तुला.” मी दारापर्यंत जाऊन आलो, या वेळी आनंदाने. उरलेले तुकडे नेहमीप्रमाणे पोत्यात गेले आणि पोतं बांगड्या करणाऱ्याकडे. फिल्मच्या तुकड्यांच्या तेव्हा बांगड्या व्हायच्या. कुणाच्या मनगटावर कुणाची शेतं गेली असतील, याचा विचार तेव्हा कोण करत होतं!

फिल्म तयार झाली. कारखान्याच्या साहेबांना पसंत पडली. एक खेळ गावकऱ्यांसाठी ठेवायचा ठरला, ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांना बरं वाटावं म्हणून. गावोगाव फिल्म दाखवणारी एक गाडी होती, तिच्यात यंत्र आणि जनरेटर. गाडीचा ऑपरेटर रत्नागिरीकडचा, बोलायला तिखट पण कामाला चोख. थंडीचे दिवस होते, साडेसहालाच अंधार पडला. गावाबाहेरच्या पटांगणात दोन बांबू रोवून पांढरं कापड ताणलं. समोर सतरंज्या, सतरंज्यांवर गाव. पडद्यामागच्या मोकळ्या जागेतही शे-दीडशे माणसं जमली होती. ती पिंपरीच्या निर्वासित कॅम्पातली आणि रस्त्याच्या कामावरची. त्यांना आमंत्रण नव्हतं, पण फुकटचा सिनेमा कोण सोडतो?

सतरंजीवर अगदी पुढे एक बाई बसल्या होत्या. पन्नाशीच्या, कपाळ मोकळं. दिवस मावळायच्या आधीपासून बसल्या होत्या म्हणे. त्यांचे दीर यंत्रापाशी माझ्याजवळ उभे होते. त्यांनीच मला सांगितलं. या बाईंचा एकुलता एक मुलगा चार वर्षांपूर्वी तापाने गेला. त्याचा फोटो नाही, काही नाही. पण तो असताना गावात कॅमेरेवाले आले होते आणि त्यांनी त्याचा भाकरी खाताना सिनेमा काढला होता, हे साऱ्या गावाला ठाऊक होतं. फिल्म येणार म्हटल्यापासून बाई रोज विचारत होत्या, कधी येणार, कधी येणार.

“त्यात हाय ना त्यो?” दिरांनी विचारलं.

“गालावर तीळ आहे का?” मी म्हटलं.

“व्हय, व्हय! हाय की!”

“मग आहे,” मी म्हटलं. तेव्हा मला किती बरं वाटलं! आपण काहीतरी पुण्याचं काम केलं असं वाटलं. उलटवलेला तुकडा त्या क्षणी माझ्या डोक्यातही नव्हता.

फिल्म सुरू झाली. मोट आली, खळं आलं, गाव नुसतं उसळलं. “अरं, ह्यो आपला पांढऱ्या!” करून लोक बैलांनाही नावानिशी ओळखत होते. मग तो तुकडा आला. मग कुणीतरी ओरडलं, “अरं, देऊळ तिकडं कसं गेलं?” हशा पिकला. “पवना वलांडून गेलं बग!” पुन्हा हशा. देवळाचा मी विचारच केला नव्हता.

त्या बाई उठून उभ्या राहिल्या होत्या. मागचे लोक ओरडत होते, बसा, बसा. त्या बसल्या नाहीत. दहा सेकंद म्हणजे किती! माणूस गेला आणि यंत्रं आली. बाई वळल्या आणि मोठ्याने म्हणाल्या, “ह्यो माजा न्हाई.”

बायकांचा गलका झाला. “अगं तोच हाय की!” “तीळ न्हाई दिसला व्हय तुला?”

“तीळ ह्या गालाला व्हता,” त्यांनी स्वतःच्या गालावर बोट ठेवलं. “आन माजा डावरा व्हता. जल्मभर डाव्या हातानं जेवला. ह्यो दुसराच कुनी हाय.” आणि त्या सतरंज्या ओलांडून, कुणाकडेही न बघता, गावाकडे चालू लागल्या.

दीर माझ्याकडे वळले. चेहरा कावराबावरा. “सायेब, तुमी सांगा. त्योच हाय ना?”

माझ्या एका बाजूला मालक उभे होते, दुसऱ्या बाजूला कारखान्याचे साहेब. तोंड उघडावं तर माझी करामत उघडी पडते, मालकांची लाज जाते, कदाचित नोकरीही जाते. मी म्हणालो, “मला काय माहीत? जुनं रीळ आहे. कुणीही असेल.”

हे वाक्य मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. हिलाही नाही. आधी होकार दिला होता आणि पाव तासात फिरलो. दिरांनी माझ्याकडे पाहिलं, मान हलवली आणि तेही गेले.

त्यानंतरचे पंधरा दिवस कसे गेले ते मलाच ठाऊक. माझी चुळबूळ आता नुसती सवय राहिली नव्हती. सांधे सुटायला लागले. एकदा ब्लेडने अंगठा कापला. झोपेतून उठून बसायचो आणि ‘ह्यो माजा न्हाई’ ऐकू यायचं. करायला गेलो एक आणि झालं भलतंच, असं होतंच माणसाचं. पण मी त्या आईला मुलगा दाखवला होता आणि तिच्या डोळ्यांदेखत तो खोटा पाडला होता. तिची नजर खरी होती आणि सारं गाव तिला वेडी म्हणत होतं. हे मला सहन होत नव्हतं.

शेवटी मालकांना म्हटलं, तो तुकडा सुलटा करून त्या बाईंना दाखवू या. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, “वाईट झालं. पण आता निगेटिव्ह उघडायची, तुकडा सुलटा करायचा, नवी प्रिंट काढायची, एका म्हातारीसाठी? साहेबांनी मंजूर केलेली फिल्म आहे. कारण काय सांगू त्यांना?”

“मग आहे त्या प्रिंटमध्येच तुकडा उलटवतो.”

“उलटव की. कसा उलटवशील?”

गाडीच्या यंत्रावर चालायची ती प्रिंट बारीक असायची. मोठ्या निगेटिव्हला दोन्ही कडांना भोकं, हिला एकाच कडेला, दुसऱ्या कडेला आवाजाची पट्टी. तुकडा उलटवला तर यंत्राचे दात भोकांत बसणारच नाहीत. हे मालकांना माहीत होतं आणि मलाही माहीत होतं. आमचाच धंदा आणि आमचाच गळफास.

त्या दिवसांत मी तीन वेळा पिंपरीला गेलो. लोणावळ्याकडे जाणारी पॅसेंजर पकडायची, पिंपरीला उतरायचं, गावाच्या रस्त्याला लागायचं आणि अर्ध्यावरून परत फिरायचं. काय सांगणार होतो जाऊन? मग स्टेशनाजवळ कॅम्पातल्या एका सिंधी दुकानदाराकडे चहा घ्यायचा आणि पुढच्या गाडीची वाट बघायची. तिसऱ्या खेपेला त्या दुकानदारालाच राहवलं नाही. फाळणीत सगळं सोडून आलेला माणूस, मराठी शिकत होता, पण धीर सुटला की हिंदीवर जायचा.

“साईं, तुम्ही येतो, चाय पितो, जातो. काम काय तुमचा?”

कारखान्याची फिल्म आम्ही केली, असं मी सांगितलं.

“अरे! मी पाहिला ना! परदे के पीछे बसून पाहिला. अक्षर काही वाचता आला नाही, पण सिनेमा चांगला. वो आदमी रोटी खा रहा था ना, बहुत अच्छा. मेरा भाई भी ऐसे ही खाता है, बायें हाथ से.”

“उजव्या,” मी म्हटलं. “उजव्या हाताने खात होता.”

“नहीं साईं. बायां.” त्याने स्वतःचा डावा हात तोंडाशी नेऊन दाखवला. “मी बोलतो ना. भाई याद आला, म्हणून लक्षात राहिला.”

मी त्याच्याशी वाद घालायला तोंड उघडलं आणि तसाच थांबलो. पडद्यामागे! कापडावरचं चित्र पलीकडून बघितलं की उलटं दिसतं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. आणि मी उलटवलेलं चित्र पलीकडून सुलटं दिसणार. त्या संध्याकाळी तिचा मुलगा खरा जसा होता तसा त्या आमंत्रण नसलेल्या माणसांनी पाहिला होता. आईला मात्र आम्ही सन्मानाने पुढच्या सतरंजीवर बसवलं होतं. मी चहा अर्धा टाकून उठलो. दुकानदार मागून ओरडत होता, गाडीला अजून वेळ आहे म्हणून. मी स्टेशनाकडे जात नव्हतोच.

बाई अंगणात शेंगा फोडत बसल्या होत्या. मला ओळखलं, पण बस म्हणाल्या नाहीत. मी उभ्याउभ्याच सांगून टाकलं. “मावशी, तो तुमचाच मुलगा होता. मी त्याला उलटा केला.”

“उलटा म्हंजी?”

माझ्या खिशात फिल्मचा एक तुकडा होता, फाटकावरच्या पहारेकऱ्याचा. तो मी आभाळासमोर धरून त्यांना दाखवला. पहारेकरी उजव्या हाताने सलाम करत होता. मग तुकडा फिरवला. आता तो डाव्या हाताने सलाम करत होता. त्यांनी तो माझ्या हातातून घेतला आणि स्वतः दोन-तीनदा फिरवून पाहिला.

“आसं करायला तुला कुनी सांगितलं व्हतं का?”

“नाही. मलाच ते बरं दिसेना. डाव्या हाताने जेवणं.”

मी शिव्या खायच्या तयारीने उभा होतो. शिव्या आल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी तुकडा मला परत दिला आणि शेंगांकडे बघत म्हणाल्या, “मलाबी बरं न्हाई दिसायचं. लई मारला त्याला.” मग मूठभर शेंगा फोडून दाणे सुपात टाकले.

“दाखिवशील?” त्यांनी शेवटी विचारलं.

ऑपरेटरला पटवायला मला फार काही करावं लागलं नाही. त्याने सगळं ऐकून घेतलं, कोकणीत मला दोन शेलक्या शिव्या दिल्या आणि म्हणाला, शनिवारी चाकणच्या बाजाराला गाडी जाणार आहे, वाट वाकडी करून तासभर थांबतो. जागा दिरांनी दिली, कांद्याची वखार. कांदा विकून झाला होता, वखार रिकामी होती. भर दुपारी फटींना पोती लावून आम्ही अंधार केला. मधोमध कापड बांधलं. ऑपरेटरने बादलीभर पाणी मागितलं आणि कापड ओलं केलं. ओल्या कापडातून उजेड जास्त पलीकडे जातो, हे मला त्या दिवशी कळलं. पडद्याच्या या बाजूला यंत्र, ऑपरेटर आणि दीर. त्या बाजूला, जुन्या पोत्यावर, मावशी आणि मी. कांद्याचा वास एवढा, की डोळे आधीच चुरचुरत होते.

बैल आले, खळं आलं. मी त्यांच्याकडे बघत होतो, पडद्याकडे नाही. मला बसवत नव्हतं, उभं राहवत नव्हतं. मी उकिडवा बसलो होतो, परीक्षेचा निकाल लागायचा असावा तसा.

तो आला. बांधावर बसला होता, मागे देऊळ, या वेळी नदीच्या अलीकडे, जिथे ते होतं तिथेच. डावा हात भाकरीकडे गेला, तुकडा मोडला, ठेच्यात बुडाला, तोंडाशी गेला.

“ह्योच,” त्या म्हणाल्या. एवढंच. मग यंत्रं आली.

“पुन्हा दाखव रे!” मी पडद्यापलीकडे ओरडलो. ऑपरेटरने रीळ मागे घेतलं. पुन्हा तो आला, पुन्हा गेला. असं चार वेळा झालं. चौथ्यांदा त्यांनी पदराने तोंड पुसलं आणि बोलायला लागल्या, माझ्याशी की त्याच्याशी, ते कळलं नाही.

“सात वर्साचा आसंल. पाव्हनं आल्यालं, त्यांच्या पंगतीत ह्यानं डावा हात घातला ताटात. सारी हासली. मी चुलीतली सांडशी घेतली आन दिला चटका त्या हाताला. म्हनलं, आता तरी सुधारंल. तवापासनं माज्यापुढं कंदी जेवायला बसला न्हाई. भाकर बांधून घ्यायचा आन रानात जायचा. लगीन ठरलं तरी त्येच. ताप आला तवा बी पेज तितंच ठिव म्हनायचा, तू जा म्हनायचा. त्याला जेवताना मी बगितलाच न्हाई कंदी.” त्यांनी ओल्या कापडाकडे पाहिलं. “आज बगितला.”

मी रडत होतो हे मला नंतर कळलं. कांद्याला दोष द्यायची सोय होती, पण कांदा नव्हता तो. आजोबांची आठी, तिची सांडशी आणि माझी कात्री, आम्ही सगळे मिळून त्या एका हाताच्या मागे लागलो होतो. आणि त्याने तर काय मागितलं होतं, सुखाने जेवायचं होतं त्याला.

“एवडंच हाय व्हय?” त्यांनी विचारलं. “फुडं न्हाई?”

पुढे होतं. चांगलं अर्ध्या मिनिटाचं होतं. ते मी कापलं होतं आणि त्याच्या एव्हाना बांगड्या झाल्या होत्या. हे मी त्यांना सांगितलं. या वेळी खोटं बोललो नाही.

“पर तू बगितलंस?”

“बघितलं. पुष्कळ वेळा.”

“मंग सांग. भाकर संपिवली का त्यानं?”

मी डोळे मिटले. मशीनवर बघितलेली एकेक चौकट मला दिसत होती, आजही दिसते. “संपवली,” मी म्हणालो. “अर्धी उरली होती, ती दुमडून खाल्ली. ठेचा फडक्यावरून बोटाने पुसून खाल्ला. कांद्याची शेवटची पाकळी बैलाला दिली, बैलाने ती थुंकली, तर हसला. तांब्याने पाणी प्यायला. मग उरलेल्या पाण्याने हात धुतला.”

“कोन्ता?”

“डावा.”

त्यांनी मान हलवली. पलीकडे ऑपरेटर रीळ गुंडाळत होता, चाकणला जायला उशीर होत होता. दिरांनी एका फटीचं पोतं काढलं आणि वखारीत उजेड आला. मावशी गुडघ्यावर हात टेकून उठल्या. दारापर्यंत गेल्या आणि वळल्या.

“मी व्हते का रं तितं? जवळपास? कुटं मागं-बिगं?”

“नाही मावशी. तो एकटाच होता.”

“म्हनून पोटभर जेवला,” त्या म्हणाल्या.